मुंजाजीरावांचं दूध

परभणीला मी चीज बघायला गेले होते, असं सांगितलं की ऐकणारा आधी हसतो. परभणीहून आलेली माणसं उन्हाच्या नाहीतर ज्वारीच्या गोष्टी सांगतात. मीही जाण्याआधी हसलेच होते. परत येऊन आता बरेच दिवस झाले, आणि ती हसण्यावारी नेण्याची गोष्ट नव्हती एवढं मला कळलंय. म्हणून हे लिहिते आहे.

माझा भाचा केदार पुण्यात खाण्याच्या जिनसांचं दुकान चालवतो. परदेशी चीज, लोणच्यातली ऑलिव्ह, असला माल. त्याला परभणी जिल्ह्यातल्या एका बाईंनी स्वतः केलेल्या चीजचा तुकडा पाठवला होता. तो त्याला इतका आवडला की होईल तेवढा माल घ्यायला तो तयार झाला. अट एकच. वर नाव 'गौडा' असं लागेल आणि खाली त्याच्या दुकानाचं. बाई काही केल्या हो म्हणेनात. लग्नानंतरची बरीच वर्षं मी हॉलंडमध्ये काढली, गौडा शहरापासून सायकलने जाण्याच्या अंतरावर. त्यामुळे केदारला वाटलं, मावशी तिथलं चीज खाऊन म्हातारी झाली आहे, तिचा शब्द बाई मानतील. "नुसती समजूत घाल," तो म्हणाला. समजूत घालायला निघालेल्या माणसाने आपली समजूत घरी ठेवून जाऊ नये, हे मला तेव्हा सुचलं नाही.

एक गोष्ट आधीच सांगते. या लेखात सगळी नावांचीच भानगड आहे, पण त्या गावाचं नाव मी लिहिणार नाही. तिथे पूर्वी जे झालं ते अनेक गावांत झालं आहे, आणि एकाच गावाला बोट दाखवून बाकीच्यांनी सुटावं हे मला पटत नाही. पिंगळी स्टेशनापासून ते फार लांब नाही, एवढं पुरे.

परभणी

गाडी सकाळी परभणीला पोचली. पिंगळीची पॅसेंजर यायला वेळ होता, म्हणून रिक्षा करून गावात नाश्त्याला गेले. रिक्षावाल्याने चौकशी केली नसती तर तो परभणीचा नव्हे.

"कुठून आलाव, मावशी?"

"नाशिकहून."

"कुणाकडं?"

"कुणाकडं नाही. एका गावात चीज करतात, ते बघायला."

त्याला आश्चर्य वाटलं नाही. "जगात जर्मनी अन् भारतात परभणी," तो मान न वळवता म्हणाला. "इथं काय बी भेटतंय."

मी म्हटलं, जर्मनी नाही, त्याच्या शेजारचं हॉलंड. त्यावर तो म्हणाला, "मंग शेजारीच हाय की," आणि मला सुशीलाच्या गाड्यासमोर उतरवलं. सुशीला म्हणजे भिजवलेल्या मुरमुऱ्यांना मिरची-कांद्याची फोडणी. आमच्याकडे नाशिकला सकाळी मिसळीने तोंड भाजून घेतात. इथे सुशीला पोटाला जरा दयेने वागवते. मी दुसरी प्लेट घेतली आणि तिच्यापायी पॅसेंजर चुकली.

फोन केल्यावर त्या बाई, सुजाता, "थांबा, मीच येते" म्हणाल्या. त्यांची वाट बघत मी एका बियाण्यांच्या दुकानाबाहेर उभी राहिले. आत भेंडीच्या बियांची पाकिटं टांगली होती, वर नाव 'परभणी क्रांती'. ही भेंडी मी नाशिकच्या गच्चीत कित्येक वर्षं लावते आहे. नाव रोज वाचायची, पण या गावात आपण कधी येऊ असं मनात आलं नव्हतं. गौडाचंही तेच. जगभर लोक ते नाव खातात, आणि ते एका शहराचं नाव आहे हे फारच थोड्यांना ठाऊक असतं.

सुजाता स्कूटीवर आल्या. पस्तिशीच्या असतील, डोक्याला स्कार्फ घट्ट बांधलेला, बोलणं थोडं आणि नेमकं. "जयभीम," म्हणाल्या, माझी पिशवी पायाशी घेतली आणि निघालो. दोन्ही बाजूंना काळं रान, वेचणीला आलेला कापूस, मधूनच हुरड्यात आलेली ज्वारी. हॉलंडची जमीनही अशीच सपाट, पण तिथे नजर गेली की पाण्याला अडते. इथे ती अडतच नाही.

गोठा आणि फळी

घर गावाच्या पूर्वेला, वस्तीच्या टोकाला. दारावर निळा झेंडा, आत भिंतीवर बुद्धाची तसबीर, मागे गोठा. गोठ्यात दोन लाल कंधारी आणि दोन संकरित गाई. सुजाताचे यजमान मिलिंद पूर्णेला रेल्वेत आहेत, सकाळच्या गाडीने जातात. घरात तिसरं माणूस म्हणजे सासूबाई, गयाबाई. लहान चणीच्या, ताठ बसणाऱ्या. मी नमस्कार केला तर त्यांनी माझे दोन्ही हात धरून ठेवले आणि विचारलं, "जेवलाव का?" मी हो म्हटलं, तरी ज्वारीची भाकरी, येसराची आमटी आणि ठेचा आलाच. हॉलंडमध्ये आमची शेजारीण हेनी कॉफीबरोबर एक बिस्कीट द्यायची आणि डब्याचं झाकण लावून टाकायची. ती कंजूष नव्हती, तिथली रीतच तशी. इथे नाही म्हणण्याची रीतच नाही.

जेवण झाल्यावर सुजाताने चीज दाखवलं. मागच्या खोलीत बर्फाच्या गोळेवाल्याकडून घेतलेला जुना फ्रीज, त्याच्या थंडाव्याचं बटण मिलिंदने खटपट करून हवं तिथे आणून ठेवलेलं. वीज गेली की वर ओली गोणपाटं टाकायची. आत फळ्यांवर पिवळसर गोल चकत्या मांडल्या होत्या, प्रत्येक लहान डब्याच्या झाकणाएवढी. दाब द्यायला जात्याची वरची तळी. गयाबाई म्हणाल्या, "मी हिच्यावर जन्मभर दळलं. आता ही सून तिला नुसती बसवून ठेवायलीय."

मी एक तुकडा तोंडात टाकला. खरं सांगायचं तर डोळ्यांत पाणी आलं. हेनीच्या तळघराचा वास आठवला. पण चव तिची नव्हती. मागून कडब्याचा, उन्हाचा काहीतरी वेगळाच स्वाद येत होता, आणि तो कुठल्याही दुकानातल्या गौडात मला कधी मिळाला नव्हता.

चकत्यांवर काहीही उमटवलेलं नव्हतं. सगळ्या कोऱ्या.

"नाव ठरलं न्हाई ना अजून," सुजाता म्हणाली. "आधी मला एक सांगा, मावशी. गौडा म्हंजी काय?"

समजूत घालायची वेळ आली होती. मी सांगायला लागले. गौडा हे शहराचं नाव. तिथली माणसं ते घशातून काढतात, 'खाउदा' असं. आसपासच्या खेड्यांतल्या बायका चीज करायच्या आणि गाड्या भरून ते गौडाच्या बाजारात जायचं. तिथे चौकात मोठं वजनघर आहे, अजून उभं आहे. सौदा करताना शेतकरी आणि व्यापारी एकमेकांच्या हातावर टाळ्या देत भाव बोलतात. आता पाहुण्यांना दाखवायला, पूर्वी खरोखर.

"आमच्याकडं बैलबाजारात रुमालाखाली बोटं धरत्यात," गयाबाई म्हणाल्या. "उघड्यावर भाव करत न्हाईत."

"म्हंजी चीज गौडाला होतच न्हाई?" सुजाताने विचारलं.

"शहरात नाही. तिथे ते विकलं जायचं. म्हणून त्याला त्या शहराचं नाव पडलं. आणि आता ते नाव कुणाच्याच मालकीचं राहिलेलं नाही. जगात कुणीही, कुठेही केलं तरी त्याला गौडा म्हणता येतं. 'गौडा हॉलंड' म्हणायचं असेल तरच ते हॉलंडमधलं लागतं. कोवळ्याला वेगळं म्हणतात, मुरलेल्याला वेगळं, पण आडनाव गौडाच."

सुजाताने फळीवरची एक चकती उलटून ठेवली. मग म्हणाली, "म्हंजी मोंढ्याचं नाव मालाला."

मोंढा म्हणजे इकडची धान्याची बाजारपेठ. मी ज्यासाठी एवढं बोलले ते तिने चार शब्दांत आवरलं. "आमच्या भागातली हळद वसमतच्या मोंढ्यात गेली की वसमतची होती," ती म्हणाली. "तसंच हे. अन् जिनं केलं तिचं नाव?"

इथे मी खोटं बोलले असते तर केदारचं काम झालं असतं. पण तोंडात अजून त्या चीजची चव होती. मी तिला दुसऱ्या नावाबद्दल सांगितलं. बूरनकास. बूर म्हणजे शेतकरी, कास म्हणजे चीज. हे नाव मात्र कुणालाही लावता येत नाही. शेतावरच केलेलं हवं, कच्च्या दुधाचं हवं, आणि दूध मुख्यतः आपल्याच गोठ्यातलं हवं. हेनी असं चीज करायची. दाबाखाली ठेवताना प्रत्येक चकतीवर एक छोटी पट्टी बसवायची. ती पट्टीही दुधापासूनच केलेली असते आणि सालीतच मुरून जाते. तिच्यावरून ते कुठल्या शेतावरचं ते कळतं. पुढे गुडघे गेले म्हणून हेनीने गाई विकल्या. हात तेच, तळघर तेच, पण त्या दिवसापासून तिला ते नाव लावता येईना. तिने चीज करणंच सोडलं.

"आपल्याच गोठ्यातलं," सुजाताने पुन्हा म्हटलं. तिने सासूकडे पाहिलं. गयाबाई उठून गोठ्यात गेल्या.

"पण तेही नाव तुम्हाला लावता येणार नाही," मी घाईने म्हणाले. "तुम्ही दूध तापवता."

"तापवायलाच पाहिजे की. ह्या हवेत न तापवता कसं जमंल?" ती हसली. "ते त्यांचं नाव. आपल्याला आपलं पाहिजे. मला आत्याचं नाव लावायचंय. गयाबाई. एवढंच पाहिजे मला, दुसरं काई न्हाई."

इकडे सासूला आत्या म्हणतात. आपल्या सासूचं नाव आपल्या मालावर लावायला निघालेली सून मी पहिल्यांदाच बघत होते.

दूध केंद्र

चीजला लागतं तेवढं दूध ठेवून उरलेलं गावातल्या केंद्रावर घालतात. संध्याकाळी सुजाता कॅन घेऊन निघाली, मीही गेले. पारापलीकडे एक पत्र्याची खोली, बाहेर बायका-पुरुषांची रांग. आत दत्ता नावाचा तरुण दूध तपासतो आणि मापात ओतता ओतता ज्याचं दूध त्याचं नाव मोठ्याने पुकारतो. नाव निघालं की माणूस पुढे होतो. रांगेत वस्तीतल्याही तीन-चार बायका होत्या, त्यांची नावं निघत होती, त्या पुढे होत होत्या. गप्पा चालल्या होत्या. सगळं सुरळीत होतं.

"मुंजाजीराव!" दत्ता ओरडला.

सुजाता पुढे झाली.

मुंजाजीराव हे नाव परभणीकडे घरोघर. मला वाटलं, सासऱ्यांचं असेल. परत येताना तसं विचारलं.

"सासऱ्याचं नाव किसन," ती म्हणाली. "मुंजाजीराव म्हंजी शांताकाकूचे मालक. वरच्या आळीतले. त्यांना जाऊन लय वर्सं झाली." आणि थोडं चालून, "त्यांच्या घरी आता एक शेळीबी न्हाई."

पुढचं गयाबाईंनी सांगितलं, चुलीपुढे बसून, माझ्याकडे न बघता.

गावात केंद्र नवं निघालं तेव्हा त्यांनी पहिली गाय घेतली होती. पहिल्या दिवशी चरवी घासूनपुसून नेली. तेव्हाचा केंद्रावरचा माणूस वाईट नव्हता, त्या म्हणाल्या. तो खाली मान घालून म्हणाला, तुमचं घेतलं तर बाकीचे घालायचे बंद होतील. त्या चरवी घेऊन परत फिरल्या. ओढ्याजवळ थांबल्या. दूध ओतून द्यावं की काय, असं मनात आलं. तेवढ्यात मुंजाजीराव बैलगाडी घेऊन येत होते. त्यांनी विचारलं, आणि ऐकून म्हणाले, "माझ्या नावावर घाल."

"वरसानुवरसं घातलं," गयाबाई म्हणाल्या. "पैसे चोख आणून द्यायचे, कदी खोट न्हाई. देवमाणूस. मी पुना केंद्रावर गेले न्हाई. आधी मिलिंदचे बाबा न्यायचे, मंग मिलिंद, आता ही. नाव त्यांचं म्हणल्यावर कुणी हरकत घेतली न्हाई."

"आणि आता?" मी विचारलं. "आता तर कुणी अडवत नाही."

"आता कोण अडवतंय? बाकीच्या बायका आपल्या नावानं घालत्यात की. आमचंच राहिलं." त्यांनी लाकूड पुढे सारलं. "आदत पडली. बदलायला कायतरी कारण लागतंय न्हवं."

त्या संध्याकाळी मिलिंद पूर्णेहून आले. शांत, थट्टेखोर माणूस. केदारला हव्या असलेल्या नावाचा विषय निघाल्यावर म्हणाले, "गौडा म्हंजी तिकडं कर्नाटकात पाटीलच की. म्हंजी पुना पाटलाच्याच नावावर." सुजाता हसली नाही. मिलिंदही मग हसायचे थांबले. मी हातपाय धुऊन पडले, पण बराच वेळ हेनी, तिची ती पट्टी आणि ओढ्याजवळची चरवी डोक्यात फिरत राहिली. बाजाराच्या नावाने जगभर गेलेल्या त्या चीजमागच्या बायका कोण होत्या, हे इतकी वर्षं तिथे राहून मी एकदाही विचारलं नव्हतं.

शांताकाकूंचा हुरडा

दुसऱ्या दिवशी शांताकाकूंचं बोलावणं आलं. गावात पाहुणी आली आहे म्हटल्यावर हुरडा खाल्ल्याशिवाय कशी जाईल? सुजाता आणि गयाबाईही आल्या. शेत दुसऱ्याला बटईने दिलेलं, पण बांधावरचं आंब्याचं झाड आणि त्याखालची जागा काकूंनी स्वतःकडे ठेवली आहे. काकू सत्तरीच्या पुढच्या, उंच, आवाज खणखणीत. आगटीत कणसं भाजायची, पोत्यावर चोळायची, गरम दाणे हातावर घ्यायचे, सोबत तिळाची चटणी. आमच्याकडे हुरड्याच्या पार्ट्यांना आता तिकीट असतं. इथे तुम्ही खाणं थांबवलंत की ओरडा बसतो.

काकू आणि गयाबाई एकमेकींजवळ बसल्या होत्या, एकाच पोत्यावरून खात होत्या. इतक्या वर्षांची सवय दिसत होती. गयाबाईंकडचं अर्धा लिटर दूध रोज सकाळ-संध्याकाळ काकूंकडे जातं, हेही तिथे कळलं.

"तुमच्या त्या चिजाला नाव काय द्यायलाव?" काकूंनी आपणहून विचारलं.

सुजाताने दाणे खाली ठेवले. "आत्याचं," ती म्हणाली. "अन् काकू, मला आणखी एक बोलायचंय. दुधालाबी."

काकू आगटीकडे बघत राहिल्या. मला तिथून उठून जावंसं वाटत होतं.

"का ग?" त्या शेवटी गयाबाईंना म्हणाल्या. सुजाताला नव्हे. "आमच्या नावानं तुझं काय वाईट झालं?"

"काईच वाईट झालं न्हाई," गयाबाई म्हणाल्या. "म्हणून तर इतकी वर्सं बोलले न्हाई."

मी आयुष्यात बरीच भांडणं ऐकली आहेत, दोन देशांत. एवढ्या हळू आवाजातलं आणि एवढं जड उत्तर ऐकल्याचं आठवत नाही.

काकूंनी पदराने तोंड पुसलं. मग माझ्याकडे वळून, जणू मी परकी म्हणून मलाच सांगता येईल अशा बेताने, म्हणाल्या, "बाई, तुमी शहरातल्या. नवऱ्याला नावानं हाक मारता. आमी लग्नात एकदा उखाण्यात घेतलं तेवढंच. ते असताना घेतलं न्हाई, गेल्यावर कसं घेणार? पोरं हैदराबादला. ती 'बाबा' म्हणत्यात. गावातले जुने लोक गेले. आता ह्या गावात त्यांचं नाव फक्त केंद्रावर निघतंय, सकाळी अन् सांजेला. माझं घर जवळच हाय. मी ओट्यावर बसते. ऐकते. तेवढं झालं की उठते."

सुजाताचा चेहरा उतरला. तिला हे ठाऊक नव्हतं, कुणालाच नव्हतं. सुजाताची मागणी रास्त होती, त्यात काडीचीही शंका नाही. आणि काकूंकडून जे जाणार होतं तेही खरं होतं. गयाबाईंनी नुसता काकूंचा हात धरला, आदल्या दिवशी माझा धरला होता तसाच. दोघी आग विझेपर्यंत बसून राहिल्या.

संध्याकाळी केदारला फोन लावला. सगळं सांगितलं. तो म्हणाला, "मावशी, गयाबाई म्हणून पुण्यात कोण घेणार? लोकांना कळायला तर हवं काय आहे ते." मी म्हटलं, खाली बारीक अक्षरात 'गौडा पद्धतीचं' लिही, त्याला कुणाची ना नाही. मोठं नाव गयाबाईंचं. तो म्हणाला, मग थोडाच माल घेईन, चालला तर बघू. मी फोन सुजाताला दिला. "थोडाच घ्या," ती म्हणाली. "पण नावासकट घ्या." तिने फोन परत माझ्या हातात ठेवला आणि धारा काढायला गेली. धार काढून झाल्यावर म्हणाली, "दुधाचं राहू द्या, आत्या. काकूला वाईट वाटंल. चिजाला तुमचं नाव लागतंय, लय झालं." गयाबाईंनी कॅनचं झाकण लावलं. त्या संध्याकाळीही केंद्रावर 'मुंजाजीराव' असाच पुकारा झाला.

सकाळ

तिसऱ्या दिवशी सकाळी थंडी फार होती. सुजाता कॅन घेऊन निघाली तेव्हा दारात काकू उभ्या होत्या, अंगावर शाल, पायात वहाणा.

"गया, चल," त्या म्हणाल्या.

"कुठं?"

"केंद्रावर. उठ."

गयाबाई उठल्या. आम्ही चौघी निघालो. रांगेतल्या लोकांनी काकूंना पुढे जायला जागा दिली, पण त्या रांगेतच थांबल्या, गयाबाईंच्या मागे.

दत्ताने कॅनचं झाकण उघडलं, दूध तपासलं, आणि सवयीने ओरडला, "मुंजाजीराव!"

कुणी पुढे झालं नाही. काकूंनी डोळे मिटले होते. त्यांनी ते नाव पुरतं ऐकून घेतलं असावं, कारण बोलायला त्यांना जरा वेळ लागला.

"दत्ता," त्या म्हणाल्या, "ते जाऊन लय वर्सं झाली, बाबा. जनावरंबी गेली. हे दूध आमचं न्हाई. आमचं कदीच नव्हतं. हे हिचं हाय. हिचं नाव घे."

दत्ताने एकदा काकूंकडे, एकदा सुजाताकडे पाहिलं. तो तरुण आहे, त्याला जुनी गोष्ट ठाऊकही नसेल. त्याने खांदे उडवले आणि त्याच आवाजात, त्याच चालीत पुकारलं, "गयाबाई!"

गयाबाई जागच्या हलल्या नाहीत. त्यांना कळलंच नाही की हा पुकारा आपल्यासाठी आहे.

"आत्या," सुजाताने त्यांच्या कोपराला हात लावला. "तुमालाच बोलवायलेत."

त्या पुढे झाल्या. पहिल्या दिवशी जिथून परत फिरल्या होत्या तिथेच उभ्या राहिल्या आणि आपलं दूध मापात पडताना बघत राहिल्या. मागे रांगेत कुणीतरी "चला लवकर" म्हणालं. रिकामा कॅन त्यांनी सुजाताला दिला नाही, स्वतःच उचलला. परत येताना काकू आपल्या घरापाशी वळल्या, आत गेल्या आणि दार लोटून घेतलं. मला त्या क्षणी फार अपराधी वाटलं, जणू परदेशातलं काही आणून मीच या गावात ओतलं होतं.

निघताना

संध्याकाळच्या पॅसेंजरने मी निघणार होते. सुजाताने एक चकती कापडात बांधून दिली. तिच्यावर आता अक्षरं होती. मिलिंदने पत्र्याची अक्षरं कापली होती आणि ती गरम करून सालीवर उठवली होती. 'गयाबाई'. बाईचा शेवटचा ई जरा वाकडा आला होता. हेनीला दाखवायला हवा होता. तिने नक्की बोट फिरवून पाहिलं असतं.

स्कूटीवर बसण्याआधी मी काकूंचा निरोप घ्यायला गेले. त्या ओट्यावर बसल्या होत्या. पारापलीकडे केंद्रावर पुकारे चालले होते. एकामागून एक नावं निघत होती, मग 'गयाबाई' निघालं, मग पुढचं. काकू ऐकत होत्या. पुकारे संपले तरी त्या उठल्या नाहीत. मी शेजारी बसले.

तेवढ्यात गल्लीच्या तोंडाशी गयाबाई दिसल्या. हातात अर्ध्या लिटरची चरवी. हे दूध रोज सुजाता नुसतं दारात ठेवून जायची. गयाबाई ओट्यापाशी आल्या नाहीत. वीसेक पावलांवर, रस्त्याच्या मधोमध थांबल्या, मान वर केली आणि दत्तालाही जमणार नाही अशा आवाजात ओरडल्या,

"मुंजाजीरावांचं दूध आलंय हो! मुंजाजीरावांचं!"

गल्लीतली दोन दारं उघडली. कुणीतरी बाहेर डोकावलं. वरच्या आळीतल्या त्या माणसाला 'मालक' सोडून दुसरी हाक गयाबाईंनी जन्मात मारली नसणार. काकू तशाच बसून होत्या, दोन्ही हात गुडघ्यांवर. मग त्या उठल्या, आणि चरवी घ्यायला स्वतः ओट्याच्या पायऱ्या उतरल्या.